वजीरच्या खांद्यावरचा हात

अकिलाभाबीचा फोन आला तवा मी एका ट्रकवाल्याशी भांडत होतो. यवतला हायवेला माझ्या पोराचं, विक्रमचं, टायरचं दुकान हाय. मी तिथं खुर्ची टाकून बसतो. काम म्हंजी काहीच न्हाई, येणाऱ्या-जाणाऱ्याला चार शब्द सुनवायचे, एवढंच. कान माझे गिरणीनं खाल्लेत, त्यामुळं मी बोलतो ते जरा मोठ्यानं बोलतो, आन् लोकांना वाटतं म्हातारा भांडतोय. निम्म्या येळा ते खरं बी असतं.

फोनवरचं मला नीट ऐकू येत न्हाई. विक्रमनं स्पीकर लावला.

"पोपटभाऊ, येऊन जाता का?" भाबी म्हणली. "ह्यांचं काय खरं न्हाई आता."

"पुन्हा दवाखान्यात नेला का त्याला?"

"दवाखाना झाला. पुण्याचे डॉक्टर म्हणले, घरी न्या. उजवी बाजू गेलीय, वाचा गेलीय. डावा हात तेवढा चालतोय, आन् त्या हातानं सारखं काहीतरी मागत्यात. दिवसभर. मागून मागून दमत्यात, डोळा लागतो, उठले की पुन्हा तेच. घरात कुणालाच कळंना."

"मंग मला काय कळणार?"

"तुम्हाला न्हाई कळणार तर कुणाला कळणार?" ती म्हणली आन् फोन ठेवून दिला.

विक्रमनं ट्रकवाल्याला वाटेला लावलं, शेजारच्या रसवंतीवाल्याला दुकानाकडं बघायला सांगितलं आन् मला मोटारसायकलीवर बसवलं. रस्ताभर तो काहीतरी बोलत होता. मला एक अक्षर ऐकू आलं न्हाई, आन् बरंच झालं.

वजीर म्हंजी वजीर नदाफ, भाबीचा नवरा. माझा मैतर म्हणू का काय म्हणू, ते मला आजतागायत ठरवता आलं न्हाई. सांगतो, म्हंजी कळंल.

चौफुल्याला वळलं, केडगाव मागं टाकलं, पारगावला भीमेचा पूल ओलांडला की शिरूर तालुका लागतो. तिथनं थोडं पुढं गेलं की पूर्वी नुसता माळ होता. कुसळं आन् ससे, दुसरं काही न्हाई. त्या माळावर बापूसाहेबांनी सूतगिरणी काढली. बापूसाहेब आमच्या भागाचे पुढारी. सगळ्या मुलखात ऊस, कापसाचं बोंड औषधाला सापडायचं न्हाई, आन् ह्या गड्यानं सूत काढायचं ठरवलं. लोक हसले. माझा बाप तर भर सभेत उठून म्हणला, "बापूसाहेब, उसातनं सूत निघतं का हो?" बापूसाहेब म्हणले, "आप्पा, कापूस रेल्वेनं येतो. दौंडाला एवढं मोठं जंक्शन देवानं कशाला दिलंय?" आन् खरंच तसं झालं. खानदेशातनं, मराठवाड्यातनं कापसाच्या गाठी दौंडाला उतरायच्या आन् तिथनं ट्रकनं आमच्या माळावर. ज्याच्या घरचा शेअर त्याच्या घरचं एक पोरगं कामाला. मी त्यातलाच एक.

बघता बघता त्या माळाचं गाव झालं. गाव कसलं, शहरच म्हणायचे सगळे. गिरणीनगर. कामगारांच्या चाळी झाल्या, ब्यांक आली, पोस्ट आलं, शाळा आली, पत्र्याचं टॉकीज आलं. न्हावऱ्याची माणसं बाजाराला आमच्याकडं यायला लागली. पहाटंचा भोंगा झाला की पार नदीपल्याड बाया चुली पेटवायच्या. मुलगी बघायला गेलं की पोराकडचे सांगायचे, मुलगा गिरणीत हाय. पुढं कुणी काही इचारायचं न्हाई. मला वाटायचं हे असंच चालणार. सगळ्यांनाच वाटायचं.

वजीर मूळचा शिरूरचा. बाप पिंजारी. खांद्याला धनुकली अडकवून गावोगाव गाद्या पिंजत फिरायचा. वजीर गिरणीत लागला तवा मी त्याला चिडवायचो, तुमच्या घराण्याला कापसाशिवाय दुसरं काय सुचत न्हाई का रे? पण हे मी त्याला तोंडानं कवाच म्हणलो न्हाई. हातानं म्हणलो.

त्याचं असं हाय, आम्ही दोघं रिंग खात्यात. पेळूचं सूत होऊन बाबिनीवर चढतं ते खातं. तिथं सूत पिळायच्या चात्या एकदम फिरायला लागल्या की शेजारच्यानं कानात बोंबललं तरी ऐकू यायचं न्हाई. तोंड उघडलं तर तोंडात तूस जायचं, बाकी काय न्हाई. म्हणून सगळं बोलणं हाताचं. कान पकडला म्हंजी मुकादम आला. कपाळावर आडवं बोट फिरवलं म्हंजी बापूसाहेबांची गाडी गेटात. मूठ ओठाला लावली म्हंजी चहा. आन् शिव्या तर अशा एकेक की हाताची बोटं कमी पडायची.

वजीर आन् मी एकाच फ्रेमवर, म्हंजी चात्यांच्या एकाच लांब मशीनवर. पण पाळी कवाच एक नव्हती. तो पहिल्या पाळीला तर मी दुसऱ्या, मी पहिल्या तर तो दुसऱ्या. एका फ्रेमवर दोघांनी उभी हयात काढली, आन् रोजची भेट किती, तर पाळी बदलताना व्हायची तेवढी.

त्या भेटीचा एक नियम होता. चालू फ्रेम सोडून कुणी हलायचं न्हाई. भोंगा होऊ दे, न्हाईतर घरनं सांगावा येऊ दे. पुढच्या पाळीचा माणूस येणार, फ्रेमला एक चक्कर मारणार, धागे तुटलेले न्हाईत ना ते बघणार, आन् मंग तुमच्या खांद्यावर हात ठेवणार. हात पडला की तुम्ही सुटलात. हात पडत न्हाई तवर फ्रेम तुमची. एक जरी धागा तुटलेला दिसला तर येणारा बोट दाखवायचा, तो सांध, मंग जा. हा नियम ना बापूसाहेबांनी केला, ना म्यानेजरनं. कुठं लिहिलेला बी नव्हता. आमचा आम्हीच पाळायचो.

त्यात माझी एक खोड. धागा साबूत असला तरी मी बोट दाखवायचो. वजीर लगबगीनं तिकडं जायचा, चातीपाशी वाकायचा, बघतो तर काय, काही तुटलेलं न्हाई. मंग वळून हातानं अशी शिवी द्यायचा की पलीकडच्या फ्रेमवरचा हौसराव पोट धरून हसायचा. रोजचं झालं होतं. मी फसवतोय हे त्याला ठाऊक असायचं, तरी जायचा. एखाद्या दिवशी खरंच तुटलेला असला तर? सूत वाया जाऊ द्यायचं त्याला जमायचंच न्हाई, पिंजाऱ्याचं पोर. मंग मी त्याच्या खांद्यावर हात ठेवायचो. तो खिशातनं आकडी काढायचा, बाबिनीवरचा गुंता सोडवायची बोटभर लोखंडी आकडी. ती माझ्या तळहातावर ठेवून माझी मूठ मिटायचा आन् जायचा. आकडी दिली म्हंजी फ्रेम दिली.

बाहेर कवा भेटलो, कुणाच्या लग्नात न्हाईतर उरसात, तर बोलायचं काय तेच सुचायचं न्हाई. "काय?" "काय न्हाई." संपलं. हात मात्र आपोआप हलायला लागायचे. अकिलाभाबी गिरणीतलीच, रिळिंग खात्यात सुताच्या लडी करायची. ती म्हणायची, "तुम्ही दोघं मुके-बहिरेच झालाय. एसटीचा पास काढा, फुकट हिंडाल."

गिरणी बंद पडली ती काय एका दिवसात न्हाई. आधी लाईट महाग झाली, मंग सूत स्वस्त झालं, मंग बापूसाहेब वारले आन् चेअरमन कोण व्हायचं ह्यावरनं मारामाऱ्या. एक खातं बंद झालं, मंग दुसरं. शेवटच्या दिवशी वजीर पहिल्या पाळीला होता. मी साडेतीनला डबा घेऊन आलो तर गेट बंद. पहारेकरी नवीन, लांबनं आणलेले, ओळखीचं एक तोंड न्हाई. पहिली पाळी मागच्या दारानं बाहेर काढली आन् दुसरी आत घेतलीच न्हाई. आम्ही गेटाचे गज धरून उभे. शिव्या दिल्या, दगड उचलले, पुन्हा खाली टाकले. मारायचे कुणाला? ते पहारेकरी बी पोटासाठीच आलेले. आन् मंग आतला आवाज थांबला. इतकी वर्षं त्या आवाजाला शिव्या घातल्या, आन् थांबला तवा मोठी मोठी माणसं गेटाला डोकं लावून रडली. मी बी रडलो, लाज कसली.

वजीर आत फ्रेमपाशी उभाच. लाईट घालवली, फ्रेम थांबली, सगळे गेले, हा हलंना. शेवटी दोघांनी दंडाला धरून बाहेर काढला. दुसऱ्या दिवशी भेटला तवा तोंडानं म्हणला, "तू आला न्हाईस."

"मला आत सोडलं न्हाई, गाढवा."

"ते ठाऊक हाय. पण तू आला न्हाईस."

आन् हसला. मी बी हसलो. दुसरं काय करणार? पुढं ती त्याची थट्टाच झाली. कुणी इचारलं, वजीरभाई, सध्या काय चाललंय, की म्हणायचा, "ड्यूटीवर हाय. बदली आला न्हाई अजून." बदली म्हंजी फ्रेम ताब्यात घेणारा माणूस, म्हंजी मी. लोक हसायचे, मी त्याला हातानं शिवी द्यायचो.

त्यानं बापाची धनुकली पुन्हा खाली काढली आन् गाद्या करायला लागला. मी पाटसच्या साखर कारखान्यावर गाळपाच्या सीझनला जायला लागलो. गिरणीनगर हळूहळू ओसरलं. टॉकीज गेलं, ब्यांक गेली, बाजार परत न्हावऱ्याला गेला. मशीनं भंगारात गेली. चाळीतल्या खोल्यांत आता यूपी-बिहारची पोरं भाड्यानं राहत्यात, रांजणगावच्या आन् कोरेगाव भीमाच्या कंपन्यांत कामाला जात्यात. त्यांना इचारा, ही कसली चाळ, तर म्हणत्यात, "पता नहीं चाचा, पुराना कुछ था." गिरणीच्या जागेवर मोठं गोडाऊन होणार हाय म्हणं. आम्ही गेलो तवा रिंग खात्याच्या भिंतीला जेसीबी लागलेला. मी विक्रमच्या पाठीवर थाप मारली, थांबवू नको. तो थांबवणार नव्हताच.

वजीर अजून चाळीतच राहत होता, टोकाच्या खोलीत. दारात त्याचा पोरगा शाकीर उभा होता. रांजणगावला कंत्राटावर हाय, सुट्टी काढून बसला होता. दाढी वाढलेली, डोळे लाल. त्याची पोरगी मेहक खाटंपाशी बसली होती, शिरूरला कॉलेजात जाते. लई हुशार पोरगी. आजोबाच्या हाताचा मोबाईलवर व्हिडिओ काढून तिनं मुक्या-बहिऱ्यांच्या शाळेतल्या बाईंना पाठवला होता. बाईंनी कळवलं, ही आमच्यातली भाषा न्हाई.

वजीर खाटंवर पडलेला. केवढा होता आन् केवढा झालेला. तोंड एका बाजूला ओढलेलं, उजवा हात चादरीवर मेल्यासारखा. डोळे तेवढे होते तसेच. मला बघितलं आन् त्याचा डावा हात उठला. दोन बोटं उजव्या खांद्यावर, टक टक. मंग तळहात उघडा, दाराकडं. पुन्हा टक टक. पुन्हा दाराकडं.

"हेच, पोपटकाका," शाकीर म्हणला. "सकाळपासनं हेच. पाणी पाहिजे असंल म्हणून पाणी दिलं, तोंड फिरवलं. दाराकडं दाखवत्यात म्हणून खाट दारात नेली, तरी तेच. खांदा दुखत असंल म्हणून शेकला. मौलवीसाहेब येऊन कुराणातलं यासीन वाचून गेले. मक्केचं झमझमचं पाणी दिलं चमच्यानं. आता काय राहिलंय ते तुम्ही सांगा."

मला पहिल्या टकटकीलाच कळलं होतं. बदली आला का? रिंग खात्यात ह्याच्यापेक्षा सोपं बोलणं न्हाई. साडेतीनच्या सुमाराला अख्खं खातं हेच इचारत असायचं.

"आजोबा काय म्हणतायत?" मेहकनं माझ्या कानाशी येऊन इचारलं.

"काय न्हाई गं. नुसता हात हलतोय. म्हाताऱ्या माणसाचा हलतो असा."

सपशेल खोटं बोललो. कळलं म्हणावं तर पुढचं बी मलाच करावं लागणार. वजीर माझ्याकडं बघतच होता. टक टक. मी नजर चुकवली आन् बाहेर येऊन शाकीरवर घसरलो. "असं पत्र्याखाली ठेवत्यात का आजारी माणसाला? पंखा हाय का खेळणं हाय? आन् त्या डॉक्टरला धरून का न्हाई इचारलं, काहीतरी उपाय सांग म्हणून?"

शाकीर गरीब पोरगं. खाली मान घालून म्हणला, "इचारलं, काका. ते म्हणले, आता वाट बघा."

कशाची वाट, हे मी इचारलं न्हाई. विक्रमनं मला ओट्यावर बसवलं. जेसीबीची धूळ चाळीपर्यंत येत होती. भाबीनं चहा आणला आन् स्वतः बी पायरीवर टेकली. पांढरी ओढणी, हात तेच, रिळिंगातले, बोटांवर सुतानं पडलेल्या घळी अजून दिसत्यात.

"कळलं ना तुम्हाला?" ती म्हणली. मोठ्यानं, माझे कान तिला ठाऊक हायेत.

"न्हाई."

"पोपटभाऊ, मी बी त्याच गिरणीत होते. रिंग खात्याच्या दारातनं बघितलंय मी तुम्हाला दोघांना. रोज बघितलंय."

मी कप खाली ठेवला. "कळतंय तर मंग मला कशाला बोलावलं? तुम्हीच ठेवा की हात!"

"ठेवला. पहिल्याच दिवशी ठेवला. शाकीरला ठेवायला लावला, मेहकला लावला. सगळ्यांचा हात झटकला ह्यांनी. आमचा कसा चालंल? आम्ही कुठं त्यांच्या फ्रेमवर होतो?"

"आन् मी ठेवला तर काय होईल, कळतंय का तुम्हाला?"

ती ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत बसली.

"कळतंय, भाऊ. मला काय ते जायला हवेत व्हय? माझं कोण हाय दुसरं? पण ते उभे हायेत हो. पडलेले दिसत्यात तुम्हाला, पण उभे हायेत. पाय सुजल्यावर बी माणसं फ्रेमवर उभी राहायची, तसे. मला बघवंना झालंय." आन् तिला रडू फुटलं.

मला असा संताप आला म्हणून सांगू. पण कुणावर काढायचा? बापूसाहेब मेले. त्यांच्या खुर्चीसाठी भांडणारे मेले. ते पहारेकरी कुठले कोण, कुठं असतील. भिंत होती तिच्यावर तरी डोकं आपटलं असतं, तर ती बी तिकडं पाडायला लागलेले. राग धरायला सुद्धा जागेवर कुणी उरलं न्हाई बघा.

मी आत गेलो. "विक्रम, खाट भिंतीपासनं ओढ. मधी घे."

"कशाला, आबा?"

"ओढ म्हणलं ना!"

विक्रम आन् शाकीरनं खाट मधी घेतली. मी डोक्याकडनं सुरुवात केली. पाठीवर हात बांधून, हळूहळू, एकेक चाती बघत जावं तसा, पायाकडनं वळून पुन्हा डोक्याकडं. एक चक्कर. वजीरचे डोळे माझ्याबरोबर फिरत होते. चक्कर कशाची हे त्याला तवाच उमगलं. वाकड्या तोंडातली जी बाजू जिवंत होती तिच्यावर हसू आलं. त्यानं डावा खांदा जरासा वर केला, माझ्या हातासाठी.

आन् माझा हात उठंना. देवाशप्पथ उठंना. एवढी वर्षं रोज ठेवला, इचार न करता ठेवला, आन् आता शिळा बांधल्यासारखा खालीच. मला काय करावं ते सुचंना. म्हणून मी जे नेहमी करायचो तेच केलं. त्याच्या पायाकडं बोट दाखवलं. तो धागा तुटलाय. सांध, मंग जा.

वजीरनं बघितलं. डावा हात खांद्यावरनं काढला, चादरीच्या काठावर नेला. हवेतच चाती थांबवली. चिमटीनं टोक शोधलं. वर ओढलं, रुळाला लावलं. एका हातानं, पण सगळं शिस्तीत. मंग पुन्हा दोन बोटं खांद्यावर. टक टक.

मी दुसरीकडं बोट दाखवलं. त्यानं तो बी सांधला. मी तिसरीकडं दाखवलं.

"अब्बू, बघा, आजोबा कसे करतायत!" मेहक टाळ्या वाजवायची राहिली. शाकीर हसला, डोळे पुसत पुसत हसला. इतक्या दिवसांत बापानं पहिल्यांदाच काहीतरी धड केलं होतं. विक्रम बी जवळ आला. घरातल्यांना वाटलं म्हातारे खेळतायत. भाबी तेवढी दाराच्या चौकटीला धरून उभी होती, ती हसली न्हाई. मी काय करतोय ते तिला दिसत होतं. धागा तुटलेला हाय तवर ह्याला जाता येणार न्हाई, आन् माझ्याजवळ ह्याला अडवायला दुसरं काही नव्हतं.

दुपार कलली. मी बोट दाखवतोय, तो सांधतोय. मला माहीत, काही तुटलेलं न्हाई. त्याला बी माहीत. पूर्वी जायचा तसाच जात होता, एखादा खरंच असला तर म्हणून. हात जड व्हायला लागला. टोक सापडायला येळ लागायला लागला. कपाळावर घाम आला, भाबीनं येऊन पुसला आन् माझ्याकडं बघितलं. मी पुन्हा बोट दाखवलं.

ह्या खेपेला तो गेला न्हाई. हात छातीवर ठेवून नुसता बघत राहिला. मंग सावकाश बोटं उचलली आन् मला ती शिवी दिली. तीच. हौसरावला हसवायची ती. अर्धीच आली, उजव्या हाताचं काम तिच्यात होतं ते राहिलं, पण मला पुरी कळली. मी हसलो.

मी हात उचलला आन् त्याच्या खांद्यावर ठेवला. हाडच लागलं हाताला, मांस कुठलं. त्यानं झटकला न्हाई.

"आलो रे," मी म्हणलो. तोंडानं. "सुटलास. जा आता."

वजीरनं डोळे मिटले, मंग उघडले. हात सदऱ्याच्या खिशाकडं नेला, चिमटीत काहीतरी धरून बाहेर काढलं. चिमटीत काही नव्हतं. मी उजवा तळहात पुढं केला. त्यानं त्यावर ठेवलं, माझी बोटं एकेक करून मिटवली, आन् त्याचा हात चादरीवर पडला. त्यानंतर त्यानं काही मागितलं न्हाई. शाकीर म्हणला, शांत झोपले बघा, काका, तुम्ही आलात ते बरं केलं. मेहकनं माझ्या गळ्याला मिठी मारली. भाबी खाली जमिनीवर बसली, त्याच्या पायांवर हात ठेवून.

मगरिबची, सांजची अजान व्हायच्या आधी वजीर गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी दफन झालं. चाळीतली यूपी-बिहारची पोरं कामाला दांडी मारून आली, खांदा द्यायला पुढं झाली. गिरणीतले म्हणायला मी आन् काठी टेकत आलेला हौसराव, दोघंच. जनाजा गिरणीच्या बाजूनं गेला तवा जेसीबीवाल्यानं तेवढ्यापुरतं मशीन बंद ठेवलं.

माती द्यायला सगळे पुढं झाले. मी बी वाकलो आन् डाव्या हातानं माती टाकली. शाकीरनं बघितलं. हळूच माझ्या कानाशी येऊन म्हणला, "काका, उजव्या हातानं टाका."

उजव्या हातात वजीरनं दिलेली आकडी होती. मूठ मी कालपासनं सोडली नव्हती. हौसरावला तेवढं कळलं. त्यानं माझ्या मुठीकडं बघितलं आन् मान खाली घातली. विक्रम म्हणला, "आबा, हाताला काय झालंय? मूठ उघडा की." मी म्हणलो, "उघडून कुणाला देऊ?" त्याला काही समजलं न्हाई. तो मला दंडाला धरून गाडीकडं घेऊन गेला.